अंगावर मातीचे थर, तीन तासांचा परफॉर्मन्स: माती कुठली, आणि लोकांना किती जवळ येऊ द्यायचं?

पंचगंगाकाठ

नमस्कार. मार्चच्या तिसऱ्या आठवड्यात कोल्हापुरात एका बंद हॉलमध्ये दुपारी तीन तासांचा परफॉर्मन्स करायचा आहे. कल्पना अशी. मी मधोमध पाटावर उभी. येणारा प्रत्येक जण मातीचा एक गोळा उचलणार, एरवी मला ज्या शब्दानं हाक मारेल त्याच शब्दानं हाक मारणार (ताई, वहिनी, मॅडम, पोरी, ओ बाई, अगं) आणि गोळा माझ्या अंगावर थापणार. मी कुणालाच ओ देणार नाही. शेवटच्या अर्ध्या तासात मी हलायला लागणार, वाळलेली माती तडकून गळणार. मग तसंच चालत पंचगंगेच्या घाटावर जाऊन उरलेली धुवायची.

प्रेक्षक ५० ते ६० धरलेत. अडचणी अशा: हातावर चाचणी घेतली तर पहिला थर वाळल्यावर दुसरा त्याला धरत नाही, पापुद्र्यासारखा सुटून येतो. केसही ओढले जातात. शाडू वापरू, आखाड्यातली तांबडी माती वापरू, की आधी पीओपी बँडेजचं कवच करून त्यावर माती घेऊ? कपडे कमीत कमी ठेवायचे असं डोक्यात आहे, कारण विषयच शरीर आणि ओळख हा आहे. परवानगी काय लागेल? चित्रीकरण कसं करायचं? ज्यांनी अशी कामं उभी केलीत त्यांनी सविस्तर सांगा, प्लीज.

शाडू_आणि_सुतळी

पीओपी आधी यादीतून काढा. प्लास्टर पाण्याबरोबर घट्ट होताना उष्णता सोडतं. जाड थर असेल तर ६० अंशांपर्यंत तापतं, आणि तापेपर्यंत ते इतकं आवळून बसलेलं असतं की पटकन काढता येत नाही. ब्रिटनमध्ये २००७ साली एका शाळकरी मुलीनं हाताचा साचा काढायला प्लास्टरच्या बादलीत हात घातले आणि तिला बोटं गमवावी लागली. बँडेज वेगळी गोष्ट आहे. चेहऱ्याचा किंवा हाताचा साचा काढायला व्हॅसलीन लावून तीन-चार थर द्यायचे आणि दहा मिनिटांत उतरवायचे, इथवर ठीक. तीन तास अंगावर नाही. छातीभोवती पूर्ण वेढा तर कधीच नाही, कारण श्वास घेताना बरगड्या फुलतात आणि ते कवच फुलत नाही.

आता थर का सुटतो. वाळलेली माती स्पंजासारखी असते. तिच्यावर ओला गोळा ठेवला की ती त्यातलं पाणी शोषते. नवा थर आकसतो, जुना आकसून झालेला असतो, मग मधली पकड तुटते. यावर नुसतं पाणी शिंपडत बसण्यापेक्षा खाली कापड घ्या. मांजरपाटाचा अंगाबरोबरचा पूर्ण बाह्यांचा सदरा शिवा. दोन-तीनदा गरम पाण्यात धुवून खळ पूर्ण काढा. खळ राहिली तर माती धरत नाही. हा सदरा मातीच्या राबडीत बुडवून, पिळून अंगात घालायचा. माती कापडाच्या विणीला धरते, कातडीला नाही. केस ओढले जात नाहीत आणि सांध्यांवर कापड हलतं तिथंच नेमक्या भेगा पडतात. उघडं काय ठेवायचं तर मान, चेहरा, मनगटाखालचे हात, पावलं. तेवढं पुरतं.

राबडीचं प्रमाण: कोरडी शाडू १ किलो, पाणी ६०० ते ७०० मिली. आधी शाडूचे खडे फोडून पाण्यात २४ तास भिजत ठेवा, मग जुन्या साडीच्या पातळ कापडातून गाळा. दाट दह्यासारखी हवी. बोटावरून ओघळली तर पातळ आहे, तशी लावली तर वाळताना जास्त आकसते. या राबडीत किलोमागे १० ग्रॅम कापूस बारीक पिंजून घाला, मूर्तिकार घालतात तसा. थापायच्या गोळ्यांत मात्र कापूस घालू नका, नाहीतर ती माती तडकेल पण गळणार नाही, कापसाला लोंबत राहील. काथ्या तर कशातच नको, टोचतो.

हिशोब असा. मोठ्या माणसाच्या कातडीचं क्षेत्रफळ साधारण १.७ चौरस मीटर. हात आणि धड मिळून त्याच्या निम्म्याहून थोडं जास्त, म्हणजे ०.९. त्यावर १ मिमी राबडी म्हणजे पाऊण ते एक लिटर, वजन दीड किलो. गोळा ५० ग्रॅमचा करा, मध्यम लिंबाएवढा होतो. असे ६० म्हणजे ३ किलो. तो थापून तळहाताएवढा पसरला की जाडी अडीच मिमीच्या आसपास येते. तशीच हवी. लोक गोळा नुसता चिकटवतात, पसरत नाहीत. मग मध्ये एक सेंटिमीटरची ढेप राहते, ती तीन तासांत वाळत नाही आणि पहिल्या हालचालीला चिखलासारखी खाली घसरते. कोरडी माती साडेतीन किलो पुरेल, पण दोन रंगीत तालमी धरून १० किलो घ्या. गणपतीचा हंगाम नसल्यानं बापट कॅम्पात किंवा शाहूपुरीच्या कुंभार गल्लीत चौकशी केलीत तर उरलेली पोती निघतील. पोत्यात आधी रंग किंवा प्लास्टर भरलेलं नव्हतं याची खात्री करून घ्या.

तुमच्या वेळापत्रकात एक गोची आहे. गोळे अडीच तास घेत राहिलात तर शेवटची माती हलताना ओलीच असेल. मार्चच्या कोरड्या दुपारी अडीच मिमी थर तडकण्याइतका वाळायला ५० मिनिटं तरी धरा. म्हणून ११० मिनिटं गोळे घ्या, मग ५० मिनिटं काहीच नाही, शेवटची २० मिनिटं हालचाल. ती मधली ५० मिनिटं कापू नका. माती रंग बदलते, कडा पांढरट पडतात, भेगेचा बारीक आवाज येतो. लोक तेव्हाच नीट बघायला लागतात.

पंखा बंद. एका बाजूनं वारा आला की तीच बाजू आधी तडकते. शिवाय गारठाल. एक लिटर पाणी उडून जायला सुमारे ५८० किलोकॅलरी उष्णता लागते, आणि त्यातली बरीच तुमच्या अंगातून जाते. मार्चच्या उकाड्यातही तासाभरात दातावर दात वाजू शकतात. राबडी आणि गोळे कोमट पाण्यात कालवा. पावसाळ्यात हे काम करूच नका, हवेतल्या दमटपणानं थर वाळतच नाही.

आदल्या दिवशी कोपराच्या आतल्या बाजूला ओली माती लावून अर्धा तास ठेवा आणि २४ तास वाट बघा. लाली किंवा खाज आली तर ते पोतं बाद. त्या आठवड्यात दाढीचं पातं, वॅक्सिंग काही नको, बारीक चिरांतून माती आत जाते. धनुर्वाताचं इंजेक्शन कधी घेतलंय ते डॉक्टरांना विचारून घ्या. भुवया आणि केसांच्या कडेला व्हॅसलीन, कानात कापूस, डोळ्यांभोवती दोन बोटं जागा मोकळी.

विंगेतला

मातीचं वर अगदी नेमकं आलंय. मला काळजी हातांची आहे.

१९७४ मध्ये इटलीतल्या नेपल्सला मरीना अब्रामोविच ही परफॉर्मन्स कलावंत सहा तास उभी राहिली होती. टेबलावर ७२ वस्तू, आणि प्रेक्षकांना काहीही करायची मुभा. गुलाब होता, मध होता, ब्लेड होतं, पिस्तूल आणि गोळीही होती. सुरुवातीला लोक लाजत होते. नंतर कपडे कापले गेले, कातडी कापली गेली, पिस्तूल तिच्या मानेशी आलं आणि प्रेक्षकांतच हाणामारीची वेळ आली. दहा वर्षं आधी, १९६४ मध्ये, जपानमध्ये क्योटोत योको ओनो ही कलावंत कात्री पुढ्यात ठेवून बसली होती. तिथं लोकांच्या हातात एकच हत्यार होतं आणि कृती एकच होती: कपड्याचा तुकडा कापून न्यायचा. तुमचं काम दुसऱ्या जातीचं आहे. एक वस्तू, एक कृती, एक शब्द. ते तसंच घट्ट धरा.

गोळे टेबलावर मोकळे ठेवू नका. एक मदतनीस दारात उभा राहील आणि एका माणसाच्या तळहातावर एकच गोळा ठेवील. त्याच वेळी तो हळू आवाजात तीन वाक्यं सांगेल: खांद्यापासून मनगटापर्यंत आणि पाठीवरच लावायचं, तळहातानं पसरायचं, हाक मारून मागं व्हायचं. पुढून छातीला, पोटाला, चेहऱ्याला हात नाही. ही पाटी लावून भागत नाही. पाटी कोण वाचत नाही. दुसरी मदतनीस तुमच्यापासून दोन हातांवर, स्त्रीच असावी. तिचं काम एवढंच की चुकीच्या जागी जाणारं मनगट वाटेत धरायचं. ६० माणसं ११० मिनिटांत म्हणजे प्रत्येकी दोन मिनिटंही नाहीत, म्हणून रांग दाराबाहेर ठेवा. आत गर्दी झाली की धीट होतात लोक.

आता खरा मुद्दा. कोल्हापुरात हाक मारायच्या आधी माणूस विचारतो, 'आडनाव काय?' 'गाव कुठलं?' 'कुणाची तुम्ही?' हाक त्यावर ठरते. वहिनी म्हणायचं की बाई, अहो की अगं, हे आडनाव कळल्याशिवाय अनेकांच्या तोंडून निघतच नाही. तुमच्याकडं बघून काही जण गोळा हातात घेऊन थबकतील आणि मदतनिसाला विचारतील. मदतनिसानं उत्तर द्यायचं नाही. ते थबकणं तुमच्या कामाचा गाभा आहे. निवेदनपत्रिकेत म्हणून तुमचं पूर्ण नाव छापू नका, निदान आत शिरताना हातात देऊ नका. बाहेर पडताना द्या.

पाट काढा. हे मी फार गांभीर्यानं सांगतोय. अंबाबाईच्या गावात एक बाई पाटावर उभी, न बोलणारी, अंगाला माती, समोर रांग, प्रत्येकाच्या हातात काहीतरी. दुसऱ्या तासाला कुणीतरी हात जोडणार, तिसरी बाई पर्समधून हळदकुंकू काढणार. लोकांच्या हाकांतून एक बाई कशी घडते हे तुम्हाला दाखवायचंय, आणि लोक तुम्हाला देवी करून मोकळे होतील, मग एकही हाक खरी येणार नाही. सरळ फरशीवर, गोणपाटावर उभ्या राहा. प्रकाश वरून नको. केस मोकळे नकोत.

आणि घाट नको. बंद हॉलमध्ये तीन तास जे साठलंय ते रस्त्यावर दोन मिनिटांत सांडतं. शिवाय ओल्या मातीच्या पायांनी घाटाच्या पायऱ्या म्हणजे हमखास पडणं. परफॉर्मन्स करणारे निखिल चोप्रा यांची कामं बघा. योगराज चित्रकार या स्वतः रचलेल्या पात्रात ते राहतात, चित्र काढतात, जेवतात, दाढी करतात, कपडे बदलतात, सगळं लोकांसमोर. २०१९ मध्ये न्यूयॉर्कच्या मेट संग्रहालयात त्यांचं असंच एक काम नऊ दिवस चाललं. धुणं आणि कपडे बदलणं हाही तिथं कामाचाच भाग असतो, वेगळा शेवट जोडावा लागत नाही. तुम्हीही हॉलमध्येच, त्याच जागी, एका घमेल्यात हात धुवा. फक्त हात. बाकीची माती अंगावर ठेवून निघून जा.

तिपाई

परवानगी आणि कॅमेरा, दोन्ही थोडक्यात.

बंद हॉल, निमंत्रित प्रेक्षक, तिकीट नाही, हे सगळ्यात सोपं. दसरा चौकातल्या शाहू स्मारक भवनासारखी जागा घेत असाल तर अर्जातच स्पष्ट लिहा की मातीकाम आहे, फरशीवर ताडपत्री अंथरणार, मातीचं पाणी तिथल्या मोरीत सोडणार नाही. लपवून केलं की ऐनवेळी बंद पाडतात. तिकीट लावून नाट्यप्रयोग म्हणून जाहिरात केलीत तर रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाच्या प्रमाणपत्राचा प्रश्न येतो. संहिता नसलेल्या कामाला तो गुंता नको. हद्दीतल्या पोलीस ठाण्याला तारीख, वेळ, जागा आणि काय होणार याचं एक पानी पत्र द्या, पोच घ्या. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ३७ चा जमावबंदी आदेश त्या तारखांना आहे का ते तिथंच कळेल. सणावारांच्या सुमाराला तो बऱ्याचदा असतो.

कपड्यांबद्दल: सार्वजनिक ठिकाणच्या अश्लील कृत्यासाठी भारतीय न्याय संहितेत कलम २९६ आहे, तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. वर सुचवलेल्या मांजरपाटाच्या सदऱ्यात हा प्रश्नच उरत नाही. मला तर काम म्हणूनही तो सदरा जास्त पटतो. कलावंत रुम्माना हुसेन यांनी १९९५ मध्ये मुंबईत एनसीपीए या कलाकेंद्रात केलेल्या परफॉर्मन्समध्ये अर्धी कापलेली पपई हातात धरून स्त्रीचं शरीर समोर आणलं होतं. उघडं अंग लागलं नव्हतं.

कॅमेरा एकच, तिपाईवर, न हलणारा, उंची तुमच्या छातीएवढी. दुसरा फक्त पाठीसाठी, कारण बरीच माती पाठीवर जाणार. बऱ्याच जुन्या डीएसएलआरचं चित्रीकरण २९ मिनिटं ५९ सेकंदांनी आपोआप थांबतं. तुमचा तसला असेल तर दर २५ मिनिटांनी स्वतः थांबवून सुरू करणारा माणूस लागेल, नाहीतर पहिली भेग नेमकी निसटते. ५० एमबीपीएसनं (सेकंदाला ५० मेगाबिट) चित्रीकरण केलं तर तासाला साडेबावीस जीबी लागतात, तीन तासांचे ६८ च्या आसपास. १२८ जीबीचं कार्ड घ्या आणि बॅटरीऐवजी अडॅप्टर लावा. हाका नीट ऐकू येण्यासाठी माइक कॅमेऱ्यावर नको, तुमच्या डोक्यावर दोन हात उंचीला टांगा. सदऱ्यावर लावलात तर प्रत्येक थापेचा धपका येतो आणि शब्द बुडतो.

दिवे एलईडी, एका बाजूनं, ४५ अंशांवर. समोरून सपाट उजेड टाकला की भेगा दिसतच नाहीत. हॅलोजन लावू नका, त्याच्या उष्णतेनं तीच बाजू आधी वाळेल. प्रेक्षकांचे चेहरे आणि आवाज टिपले जाणार, तर दारात तसं सांगून होकार घ्या. कुणी नको म्हणालं तर त्या दोन मिनिटांपुरता कॅमेरा बंद ठेवून चालणार नाही, सलगता तुटते. त्या माणसाला नुसतं बघायला बसवा.

लाल_हौद

आखाड्यातल्या मातीबद्दल कुणी बोललं नाही म्हणून लिहितो. ती नुसती तांबडी माती नसते. तिच्यात हळद, ताक, तेल, लिंबू, कापूर, काव (गेरू) असं मुरवलेलं असतं. तेलामुळं ती कापडाला आणि एकमेकीला शाडूसारखी धरत नाही, भुगा होऊन पडते. हळदीचा डाग मांजरपाटावरून जात नाही. रोज कितीतरी अंगं तिच्यात लोळलेली असतात, गजकर्ण सहज येतं, आणि तुम्ही ती तीन तास ओली अंगावर ठेवणार. आणि वस्तादांना न विचारता आखाड्यातली मूठभर माती उचलणं बरं दिसत नाही. लोक आत पाऊल टाकताना ती कपाळाला लावतात.

तांबडा रंगच हवा असेल तर शेवटच्या २० गोळ्यांच्या शाडूत किलोमागे ५० ग्रॅम काव मिसळा. पांढुरक्या थरावर तांबडा थर तडकला की खालचा पांढरा दिसतो, भेग लांबूनही कळते. 

मातीशी कुस्तीच करायचं म्हणाल तर तेही झालंय. १९५५ मध्ये टोकियोत काझुओ शिरागा हा जपानी चित्रकार नुसत्या चड्डीवर चिखलाच्या ढिगात उतरला आणि हातापायांनी झुंजला. तो उठल्यावर ढिगाचा जो आकार राहिला तेच काम म्हणून ठेवलं. तुमचं काम उलट आहे, तुम्ही हलायचं नाही. म्हणून आखाड्याची माती तुम्हाला अर्थानंही बसत नाही.

पंचगंगाकाठ

सगळ्यांचे मनापासून आभार. पाट आणि घाट दोन्ही काढले. आडनावाचा मुद्दा माझ्या लक्षातच आला नव्हता, पत्रिका बाहेर पडताना देणार. दोनच शंका: १६० मिनिटं न हलता उभं राहणं झेपेल का, आणि घाट नाही तर एवढी माती धुवायची कुठं?

विंगेतला

न हलता म्हणजे दगडासारखं नव्हे. गुडघे ताठ करून उभं राहिलं की पायांतलं रक्त वर चढत नाही, रक्तदाब घसरतो आणि माणूस सरळ तोंडावर जातो. कवायतीला पोरं पडतात ती याच कारणानं. गुडघे किंचित सैल ठेवा. दर दोन मिनिटांनी पायाची बोटं आवळा-सोडा, पोटऱ्या आखडा-सोडा. एवढं कुणाच्या लक्षात येत नाही. दोन तास आधी भाकरी-भाजीसारखं हलकं जेवण, उपाशी अजिबात नको. दर अर्ध्या तासानं मदतनीस नळीनं चार घोट पाणी देईल. ते लपवू नका, तीही एक भेटच आहे.

घाम थंड येणं, कानात शीळ वाजणं, डोळ्यांपुढं कडेनं काळं होणं, यातलं एक जरी झालं तरी डावी मूठ उघडायची. मूठ उघडली की दोघे मदतनीस तुम्हाला जागेवर बसवतील आणि काम बसून पुढं चालू राहील. बसणं म्हणजे काम मोडलं असं नाही, हे आधीच ठरवून ठेवा, नाहीतर त्या क्षणी हट्टानं उभ्या राहाल. पाळीचे दिवस त्या आठवड्यात येत असतील तर सुरुवातीपासूनच लाकडी स्टुलावर बसा. पाठ मोकळी राहते, थापणाऱ्यालाही वाकावं लागत नाही.

शाडू_आणि_सुतळी

धुण्याचं सांगतो. कोरडी माती घासून काढायची नाही, सालटं निघतात. सदऱ्यासकट कोमट पाण्याच्या मोठ्या टबात दहा मिनिटं बसा, माती आपोआप सुटते, सदरा मग ओला असतानाच डोक्यावरून काढा. वाळला तर बाह्या अडकतात, तेव्हा बाहीच्या शिवणीला सैल टाके घालून ठेवा, एका ओढीत उसवतील. मान आणि कानामागं ओल्या मऊ कापडानं टिपा, मग खोबरेल.

टबातलं पाणी मोरीत ओतू नका. शाडू पाइपच्या बाकात बसते आणि घट्ट होते. टब रात्रभर तसाच ठेवा. सकाळी वरचं नितळ पाणी झाडांना घाला, तळाचा गाळ जुन्या चादरीवर पसरून उन्हात वाळवा आणि कुटून पोत्यात भरा. काव घातलेली वेगळी ठेवा. तीच माती परत भिजते. कापूस तेवढा दुसऱ्या वेळी गाळून काढावा लागेल.